ललिता पवार म्हटलं की फक्त खाष्ट सासूच का आठवते?

तापीकाठ (अमळनेर)

मंडळी, हा धागा काढायचं बरेच दिवस मनात होतं. ललिता पवारांचं नाव निघालं की आपल्याकडे दोनच गोष्टी बोलल्या जातात. एक, खाष्ट सासू. दुसरी, भगवानदादांची थोबाडीत आणि अधू झालेला डावा डोळा. मग कोणीतरी दोन्हींची गाठ मारून देतं: डोळा गेला म्हणून बाई खलनायिका झाली. विषय मिटला. मला हे अजिबात पटत नाही. का ते जरा सविस्तर लिहितो.

१९४२ साली 'जंग-ए-आझादी'च्या चित्रीकरणात मास्टर भगवान यांना त्यांच्या थोबाडीत मारायचं होतं. हात जोरात बसला. डाव्या डोळ्याची शीर दुखावली, चेहऱ्याची ती बाजू लुळी पडली, उपचार लांबले. त्यांचा जन्म १८ एप्रिल १९१६ चा, येवल्याचा. म्हणजे तेव्हा वय २६. तोवर त्या नायिका होत्या, नंतर ती कामं बंद झाली. इथपर्यंत सगळं खरं.

पण पुढचं बघा. १९४४ ला प्रभातचा 'रामशास्त्री' आला. त्यातली आनंदीबाई ललिता पवारांची. 'ध' चा 'मा' करणारी आनंदीबाई मराठी माणसाच्या मनात आधीपासूनच ठाण मांडून बसलेली. तिला पडद्यावर उभं करायचं, तेही गजानन जागीरदारांच्या रामशास्त्र्यांसमोर, म्हणजे नुसत्या तिरप्या नजरेचं काम नाही. महत्त्वाकांक्षा दिसली पाहिजे, पेशवाईतल्या बाईचा तोरा दिसला पाहिजे, आणि आपण काय करून बसलो याची जाणीवही.

मग १९५० ला व्ही. शांतारामांचा 'दहेज' आला. त्यातल्या सासूने शिक्का मारला तो कायमचाच. पण १९५५ हे एकच वर्ष घ्या. 'श्री ४२०' मध्ये त्या फुटपाथवर केळी विकणाऱ्या गंगामाई आहेत. त्याच वर्षी 'मिस्टर अँड मिसेस ५५' मध्ये पुरुष जातीवर खार खाऊन असलेल्या श्रीमंत सीतादेवी आहेत. एक बाई टोपलीपुढे बसलेली, दुसरी सभा गाजवणारी. बाई एकच, डोळा एकच.

आणि १९५९ चा 'अनाडी'. माझ्या मते त्यांचं सगळ्यात मोठं काम हेच. मिसेस डिसा, राज कपूरची घरमालकीण. भाड्यावरून तोंडाचा पट्टा सुरू आणि दुसऱ्या हाताने जेवायला वाढणं सुरू. याच भूमिकेला सहायक अभिनेत्रीचं फिल्मफेअर मिळालं. तिथे तो अधू डोळा तुम्हाला कपटी वाटतो का? मला तर ती बाई डोळे भरून येऊ नयेत म्हणून धडपडतेय असंच वाटत राहतं. डोळ्यात दुष्टपणा असता तर तो मिसेस डिसांमध्येही दिसला असता. तो दिसत नाही, कारण तो डोळ्यात नव्हताच. जिथे हवा तिथे बाईंनी तो आणला, नको तिथे ठेवला नाही.

मूकपटापासून दूरदर्शनपर्यंत सुमारे सत्तर वर्षं काम. २४ फेब्रुवारी १९९८ ला पुण्यात गेल्या. सातशेच्या आसपास चित्रपट असं नेहमी लिहिलं जातं. एवढ्या मोठ्या कामाचं वर्णन 'एक डोळा' असं दोन शब्दांत करणं मला अन्याय वाटतो.

तुम्हाला त्यांची कोणती भूमिका आठवते? सासू सोडून.

फैजपूरकर

तापीकाठ भाऊ, फार चांगला विषय काढला. मी केळीवालीवर लिहिणार, कारण तो आमचा प्रांत आहे.

रावेर, यावल भागातल्या माणसाला सिनेमात केळी दिसली की आपोआप नीट बघितलं जातं. माझी आत्या सावद्याला स्टँडजवळ केळी विकायला बसायची. आमच्याकडून वॅगनी भरभरून केळी उत्तरेत जायची. पण व्यापाऱ्याने बाजूला काढलेला, फणी सुटलेला माल वखारीतून असा बायकांच्या टोपलीत यायचा. डाग पडायला लागलेली केळी आत्या टोपलीत वर ठेवायची. आधी ती खपली पाहिजेत ना. चांगली फणी फडक्याखाली. गिऱ्हाईक पारखून मग फडकं बाजूला व्हायचं.

आता एक गोष्ट सांगतो, ती बसून विकणाऱ्यालाच कळते. खाली बसलेल्या बाईला गिऱ्हाईक पायाकडून दिसतं. आधी चप्पल, मग धोतर किंवा पॅन्ट, सगळ्यात शेवटी तोंड. तोंड दिसेपर्यंत भाव ठरलेला असतो. आत्या म्हणायची, पाय बघून कळतं हा घेणार की नुसता दाबून जाणार.

'श्री ४२०' मध्ये राज मुंबईत नवा, फाटका. केळीवालीशी भाव करायला लागतो तो उलटाच. ती दोन आण्याला तीन म्हणते, तर हा तीन आण्याला दोन मागतो. आता ललिता पवारांकडे बघा. हा येडा आहे की आपली थट्टा करतोय, हे त्या ताडून बघतायत. मग कळतं की हा खराच भोळा आहे. त्या क्षणापासून आवाजातलं बाजारीपण उतरायला लागतं. राग आणि कीव दोन्ही एकाच वाक्यात. पुढे तीच गंगामाई झोपडपट्टीतल्या इतरांबरोबर घराच्या आशेने आपली पुंजी त्याच्या हवाली करते तेव्हा आपल्याला धस्स होतं. ते होतं कारण पहिल्या भेटीत त्या टोपलीमागे आपण खरी बाई पाहिलेली असते. पैसा पैसा जोडणारी.

सिनेमातली गरीब बाई बऱ्याचदा नुसती बिचारी असते. ही बिचारी नाही. ही धंदा करणारी आहे. हात जोडून बोलत नाही, हात नाचवून बोलते. आमच्या आत्याने हा सिनेमा पाहिला असता तर तिने त्या बाईला शेजारी जागा दिली असती.

धुळेकरीण

मी मंथरेवर लिहिते.

२५ जानेवारी १९८७ ला रामायण सुरू झालं. रविवारी सकाळी साडेनऊला. आमचं गाव शिंदखेडा तालुक्यात. टीव्ही एकाच घरी, आणि वीज कधी जाईल त्याचा भरवसा नाही. त्यामुळे टीव्हीशेजारी ट्रॅक्टरची बॅटरी आणून ठेवलेली असायची. बायका सकाळीच अंघोळी उरकून, स्वयंपाक करून यायच्या. टीव्हीला हार घातलेला. पुढे आम्ही पोरं, मागे बायका, उंबऱ्याबाहेर माणसं.

मंथरा आली की मागून सुरू व्हायचं. माय व माय, आली का ही सटवी. बोटं मोडणं, शिव्याशाप सगळं. रामाला वनवासात धाडलं त्या रविवारी तर एका काकूंनी कडाकडा बोटं मोडली.

पण माझी आजी शिव्या देत नव्हती. ती अगदी टक लावून मंथरेकडे बघायची. मी विचारलं, तुला हिचा राग येत नाही का? तर म्हणाली, "ती कैकेयीना भलासाठेच बोली ऱ्हायनी. पन तिले पुढलं दिसत नही."

तेव्हा मला त्यातलं काही कळलं नाही. २०२० च्या टाळेबंदीत रामायण पुन्हा लागलं तेव्हा मी आजीचे शब्द मनात ठेवून ते भाग पाहिले. आजी बरोबर होती. ललिता पवारांची मंथरा कैकेयीला फसवत नाहीये. तिने तिला लहानाचं मोठं केलंय, माहेराहून सोबत आलीय. सवतीचा मुलगा राजा झाला की आपल्या पोरीला कोण विचारणार, ही भीती तिला खरोखर खातेय. त्या कैकेयीजवळ येतात ते जवळीक असलेल्या माणसासारख्या येतात. आवाज आधी लाडीगोडीचा, मग दुखावलेला, मग धारदार. पद्मा खन्नाच्या कैकेयीचं मन पालटतं ते आपल्याला खरं वाटतं, कारण समोरची बाई तिच्यावर माया करतेय हे दिसत असतं. नुसती कपटी मंथरा असती तर कैकेयी मूर्ख वाटली असती.

आणखी एक. हीच मंथरा त्यांनी १९६१ च्या 'संपूर्ण रामायण' मध्येही केली होती. तिथे कैकेयी आपल्या सुलोचनाबाई. म्हणजे २६ वर्षांनी तीच भूमिका, दुसऱ्या माध्यमात, सत्तरी ओलांडल्यावर. मालिकेत कौसल्या जयश्री गडकर, दशरथ बाळ धुरी, मंथरा ललिता पवार. अयोध्येच्या राजवाड्यात किती मराठी माणसं होती बघा!

भुसावळ_जंक्शन

सगळ्यांचं वाचलं, छान लिहिताय. पण तापीकाठ, तुमच्या मूळ मुद्द्याशी मी सहमत नाही. डोळ्याचा संबंध नाही असं कसं म्हणता? अभिनय त्यांचा होता, मान्य. पण काम कोणतं मिळणार हे नट ठरवत नाही. ते निर्माता ठरवतो, आणि निर्माता चेहरा बघतो.

जरा वयं बघा. 'दाग' आला १९५२ ला. त्यात त्या दिलीपकुमारच्या आई. दिलीपकुमारचा जन्म १९२२ चा. आई मुलापेक्षा सहा वर्षांनी मोठी! राज कपूर १९२४ चा, म्हणजे त्यांच्याहून आठ वर्षांनी लहान, आणि 'श्री ४२०' मध्ये त्यांना माई म्हणतो. शम्मी कपूर १९३१ चा, 'जंगली'त मुलगा. छत्तिसाव्या वर्षी पांढरे केस लावून आईची कामं. त्याच वयाचे नायक पुढे पंधरा-वीस वर्षं नायिकांबरोबर झाडांभोवती फिरत होते.

हे कशामुळे? त्या थोबाडीमुळेच. कॅमेऱ्यासमोरच्या एका धक्क्याने बाईला एका रात्रीत वीस वर्षांनी म्हातारी केली. ते नाकारून फक्त अभिनयाचं कौतुक केलं तर त्यांच्यावर काय गुदरलं ते पुसलं जातं. मला वाटतं त्यांना मोठं म्हणायचं तर हे आधी मान्य करावं लागेल. हातातलं काम गेलं, आणि जे उरलं त्यात त्यांनी जीव ओतला.

बाकी, येवला खान्देशात धरायचं का? नाशिक जिल्हा आहे म्हणून विचारतो.

तापीकाठ (अमळनेर)

येवला आपलं नाही. नाशिकचं आणि पैठणीचं. पण मनमाडला गाडी बदलणाऱ्या प्रत्येक खान्देशी माणसाला ते शेजारचं वाटतं, एवढा हक्क पुरे.

वयाचा मुद्दा मात्र जबर आहे. दिलीपकुमार आणि त्यांच्यात सहा वर्षांचं अंतर, हे वाचून मीही थबकलो. मी एवढंच म्हणेन की दार कोणतं उघडणार हे डोळ्याने ठरवलं असेल. आत गेल्यावर काय करायचं ते बाईंनी ठरवलं. आपल्याकडे पहिल्याची गोष्ट घरोघरी माहीत आहे, दुसऱ्याची कोणी सांगत नाही. म्हणून हा धागा.

रंगपीठ (जळगाव)

मी हौशी नाटकवाला. राज्य नाट्य स्पर्धेसाठी दरवर्षी पोरं घेऊन नाटक बसवतो, म्हणून कारागिरीच्या बाजूने लिहितो.

विशीतल्या पोरीला म्हातारीचं काम दिलं की ती पहिली गोष्ट काय करते? कंबरेतून वाकते आणि आवाज थरथरवते. दर वर्षी हेच. मी त्यांना ललिता पवारांची कामं बघायला लावतो. 'जंगली'तली आई बघा. ताठ. मान हलत नाही, खांदे हलत नाहीत. घरात हसायला बंदी घालणारी बाई आहे ती. वय कुठून कळतं? हालचाल कमी केल्यातून. म्हातारं आणि अधिकार असलेलं माणूस उगाच हलत नाही, दुसऱ्यांना हलवतं. याउलट गंगामाईचे हात सतत चालू. दोन्ही बायका साधारण एकाच वयाच्या, पण एकीचं वय पाठीच्या कण्यात आहे आणि दुसरीचं हातात.

दुसरी गोष्ट बोलण्याची. त्यांची वाक्यं आठवून बघा. सुरुवात खालच्या पट्टीत, आणि घाव शेवटच्या शब्दावर. नवखा नट पहिल्याच शब्दाला ओरडतो, मग पुढे जायला जागाच उरत नाही. त्या जागा राखून ठेवतात. मंथरेबद्दल ताईंनी लिहिलं ना, लाडीगोडी, दुखावलेपण, मग धार? तेच हे.

आणि डोळा. मला विचाराल तर त्यांनी तो लपवलाही नाही आणि मिरवलाही नाही. चेहऱ्याच्या दोन बाजू वेगवेगळ्या चालतात, त्यामुळे भाव एकदम उमटत नाही. एक बाजू पुढे, दुसरी मागून. 'अनाडी'त मिसेस डिसा रागावतात तेव्हा अर्धा चेहरा रागावलेला असतो आणि अर्धा अजून विचार करत असतो. पाहणाऱ्याला वाटतं, या बाईच्या मनात आणखी काहीतरी आहे. खलनायिकेत ते कारस्थान वाटतं, आईत ती माया वाटते. फरक आवाजाने आणि अंगाच्या ठेवणीने पडतो, आणि ते दोन्ही त्यांच्या ताब्यात होतं.

भुसावळ भाऊ, तुमचं म्हणणं खरंच आहे, पण हे एवढं त्यात धरा.

आणखी एक शिफारस, 'प्रोफेसर', १९६२. 'जंगली'च्या पाठोपाठचा शम्मी कपूरबरोबरचा चित्रपट. इथेही त्या कडक शिस्तीच्या पालक. म्हातारा प्रोफेसर बनून आलेल्या शम्मीवर हळूहळू त्यांचं मन जडतं. हसवणारा प्रसंग आहे आणि त्या हसवतातच. पण एवढी वर्षं कोणी आपल्याकडे त्या नजरेने बघितलंच नाही ही बाईची पोकळी त्या हसण्यात सांडू देत नाहीत, अलगद धरून ठेवतात. शेवटी खरं कळतं तेव्हा पाहणाऱ्याचं हसू तोंडातल्या तोंडात राहतं. असं विनोदी काम फार थोड्यांना जमलं आहे.

शिरपूरची

मी या ठिकाणी नुसती वाचायला येते, सहसा लिहीत नाही. पण हा धागा वाचून लिहावंसं वाटलं.

माझ्या मावशीला तिशीत चेहऱ्याचा लकवा झाला होता. थंडीचे दिवस, पहाटे उठून चूल पेटवायला गेली तर चूळ भरता येईना, पाणी ओठाच्या कडेतून गळायला लागलं. डॉक्टर, गावठी औषध, मालिश सगळं झालं. तोंड बरंचसं सुधारलं पण एक डोळा बारीक राहिला. त्यानंतर गल्लीतल्या बायका तिला तोंडावर नाही, पण मागून 'ललिता पवार' म्हणायच्या. तिला ते माहीत होतं. ती लग्नकार्यात मागे बसायची, फोटो काढताना पदर पुढे ओढायची. तिला सून आली तेव्हा तर तिने काही बोलायच्या आधीच ती खाष्ट ठरलेली होती. खरं सांगते, एवढी मऊ बाई मी दुसरी पाहिली नाही. सुनेच्या बाळंतपणात सव्वा महिना तिने स्वतः शेक-शेगडी केली.

म्हणून तापीकाठ दादा, तुम्ही जे म्हणताय ते माझ्यासाठी फक्त सिनेमापुरतं नाही. 'डोळा असा म्हणून बाई तशी' हे गणित पडद्यावरून गावात उतरलं, आणि ज्यांनी कधी कॅमेरा पाहिला नाही अशा बायकांना ते भोगावं लागलं. यात ललिताबाईंचा काडीचाही दोष नाही. त्यांनी तर मिसेस डिसा करून दाखवली होती. पण आपण 'सौ दिन सास के' लक्षात ठेवला आणि 'अनाडी' विसरलो.

'आनंद' मध्येही त्या आहेत ना, दवाखान्यात? मला अंधुक आठवतंय.

तापीकाठ (अमळनेर)

शिरपूरच्या ताई, लिहिलंत हे फार बरं केलं. पहिली पोस्ट लिहिताना माझ्या मनात फक्त एका नटीवरचा अन्याय होता. तुमच्या मावशींपर्यंत माझा विचार पोचलाच नव्हता.

हो, 'आनंद'मधली मेट्रन त्याच. १९७१. आणि त्या मेट्रनचं नावही डिसाच! 'अनाडी' आणि 'आनंद' दोन्ही हृषीकेश मुखर्जींचे. बारा वर्षांनी दिग्दर्शकाने त्याच बाईंना तेच आडनाव दिलं. वॉर्डात सगळ्यांना धाकात ठेवणारी मेट्रन आनंदसमोर आई होऊन जाते. काम छोटं आहे, पण राजेश खन्ना आणि अमिताभच्या चित्रपटात लोकांना ती मेट्रन आठवते. मोजके प्रसंग, आणि त्यातच माणूस पूर्ण उभं करायचं. चरित्र अभिनेत्याचं सगळं कसब यात आलं.

जुनी_रीळ (नंदुरबार)

आधीच्या काळाबद्दल कोणीच लिहिलं नाही, म्हणून थोडी भर घालतो.

बाईंचं मूळ नाव अंबा. १९२८ च्या 'राजा हरिश्चंद्र' या मूकपटात बालकलाकार म्हणून सुरुवात. १९३१ चा 'दिलेर जिगर' हा मूकपट आजही टिकून आहे, ही फार मोठी गोष्ट आहे. आपल्या मूकपटांपैकी बहुतेक नष्ट झाले. रिळं जळाली, कुजली, चांदीसाठी विकली गेली. 'दिलेर जिगर'मध्ये ललिता पवार नायिका आहेत आणि तो तलवारबाजीचा, साहसाचा चित्रपट आहे. जी. पी. पवार दिग्दर्शक. ज्यांनी त्यांना फक्त काठी टेकत येणारी सासू म्हणून पाहिलंय त्यांनी हा चित्रपट मिळाला तर जरूर बघावा. चपळ, हसरी, पंधरा वर्षांची मुलगी.

१९३२ च्या 'कैलास'मध्ये तर त्या सहनिर्मात्या होत्या, आणि १९३७ ला 'दुनिया क्या है' हा टॉलस्टॉयच्या कादंबरीवरचा चित्रपटही काढला. वयाची विशी जेमतेम ओलांडलेली! बोलपट आल्यावर 'हिम्मत-ए-मर्दा' (१९३५) मध्ये स्वतः गायल्या. मराठीत भालजी पेंढारकरांचा 'नेताजी पालकर', वि. स. खांडेकरांनी लिहिलेला 'अमृत', 'गोरा कुंभार'.

म्हणजे थोबाडीत बसली तेव्हा त्या कोणी नवख्या नव्हत्या. चौदा वर्षांचा अनुभव, निर्मिती केलेली, गाणं येणारं, घोडा-तलवार केलेली. भुसावळकरांच्या प्रश्नाचं उत्तर मला यात दिसतं. चेहरा बदलला, पण हातात एवढं भांडवल होतं की त्यावर पुढची पन्नास वर्षं उभी राहिली. त्याच प्रसंगानंतर कोवळी, एकाच साच्यातली नायिका असती तर घरी बसली असती. संगीत नाटक अकादमीचा १९६१ चा पुरस्कार मिळाला तो काही सहानुभूतीने नाही.

सारंगखेड्याच्या यात्रेत तंबूतला सिनेमा असायचा तेव्हा माझे वडील पाटी वाचायला मला पुढे पाठवत. ललिता पवार, कन्हैयालाल, नाझिर हुसेन अशी नावं असली की म्हणत, चला, चांगला असेल. नायक कोण ते नंतर विचारायचे.

धुळेकरीण

जुनी_रीळ दादा, तुमच्या वडिलांची परीक्षा अगदी बरोबर होती. आमच्या घरीही तसंच. हिरो कोणीही असो, आई कोण आणि मुनीम कोण यावर सिनेमा ठरायचा.

शिरपूरच्या ताई, तुमची मावशी आता कशी आहे? जमलं तर तिच्यासोबत 'अनाडी' बघाच. रडू येईल, पण बघा.

शिरपूरची

मावशी चांगली आहे ताई, पंच्याहत्तरीची झाली. तिला जुने सिनेमे आवडतातच. राज कपूरची सगळी गाणी पाठ. नातवाला सांगून फोनवर लावून घेते.

भुसावळ_जंक्शन

धागा सुरू झाल्यापासून डोक्यात विषय घोळत होता म्हणून काल 'दाग' पुन्हा पाहिला. वयाचं गणित मनात धरूनच बसलो होतो, कुठेतरी पकडता येईल म्हणून. दारुड्या मुलाची आई. मुलगा रात्री झोकांड्या खात घरी येतो तेव्हा तिची जी घालमेल आहे ती मी आमच्या रेल्वे कॉलनीत खऱ्या घरांत पाहिली आहे. ओरडणं नाही, छाती बडवणं नाही. आधी शेजाऱ्यांनी ऐकलं का याची चिंता, मग जेवला का याची. पहिल्या पाच मिनिटांनंतर मला ती ३६ वर्षांची आहे हे आठवलंही नाही.

तरी माझं म्हणणं मागे घेत नाही. तिला नायिकेची कामं करायला मिळायला हवी होती. त्या वयात आईची नाही. 'दिलेर जिगर'मधली ती पोरगी पुढे काय काय करू शकली असती, हा हिशोब कोणी मांडला नाही आणि आता मांडताही येत नाही. रंगपीठ, तुमच्या पोरांना 'जंगली' दाखवता तेव्हा 'दाग' पण दाखवा. ताठ पाठीची आई आणि ही आई, दोन्ही एका पाठोपाठ.

रंगपीठ (जळगाव)

दाखवतो. दिवाळीनंतर तालमी सुरू होतील तेव्हा पहिल्या आठवड्यातच. आधी 'दाग', मग 'श्री ४२०' मधला केळीवालीचा प्रसंग, मग 'जंगली'. फैजपूरकर, तुम्हाला वेळ असेल तर त्या दिवशी या. बसून विकणाऱ्याला गिऱ्हाईक पायाकडून दिसतं ते तुमच्या तोंडून पोरांना ऐकू दे. मला ते माहीत नव्हतं, आणि बाजारातलं काम करणाऱ्या प्रत्येक नटाला ते माहीत हवं.

फैजपूरकर

येतो की. नोव्हेंबरात कटाई चालू असते, पण संध्याकाळची वेळ ठेवलीत तर जमेल. टोपली आणि दोन फण्या घेऊन येतो, पोरांना खाली बसवून विकायला लावू.